कागदावरचा ग्राउंड क्लिअरन्स आणि पांदणीवरचा

सात सीटची गाडी घ्यायला निघालेला आपल्या विदर्भाकडचा माणूस मायलेजनंतर लगेच विचारतो, "खाली लागत तर नाही ना?" प्रश्न अगदी रास्त आहे. दारव्हा घ्या, घाटंजी घ्या, आर्वी किंवा मूर्तिजापूर घ्या, तालुक्याच्या गावाहून आत वळलं की डांबर अरुंद होत जातं. पुढे मुरूम लागतो, मग पांदण, मध्येच नाल्यावरचा रपटा (पाण्याखाली जाणारा ठेंगणा पूल), आणि शेवटी शेताचा धुरा. तीच गाडी दुसऱ्या दिवशी समृद्धी महामार्गावर घरच्या सगळ्यांना घेऊन ताशी १२० किलोमीटरने धावणार असते. या दोन रस्त्यांची मागणी एकमेकांच्या उलट आहे. पांदणीला गाडी उंच हवी, महामार्गाला ठेंगणी. गाडी "उचलून", म्हणजे तिची उंची वाढवून घेण्याआधी हा पेच नीट समजून घ्यायला हवा. न समजता केलेली उचल टायर खाते, जॉइंट खाते, आणि वाईट वेळी ब्रेकला दगा देते.

लांबट, ठेंगणी आणि मागे सामानाला ऐसपैस जागा असलेली घरगुती गाडी म्हणजे स्टेशन वॅगन. आपल्याकडे १९९२ साली टाटांची एस्टेट आली, पुढे इंडिगो मरिना आणि बलेनो अल्टुराही आल्या. त्या फारशा रुजल्या नाहीत. आज तेच काम एर्टिगा, ट्रायबर, कॅरेन्स अशा तीन रांगांच्या गाड्या करतात. दुखणं मात्र तेच राहिलं आहे: लांबी जास्त, ओझं मागच्या बाजूला, आणि बांधणी जीपची नसून कारची.

ग्राउंड क्लिअरन्स म्हणजे गाडीच्या पोटाचा सगळ्यात खाली आलेला भाग आणि जमीन यांच्यातलं अंतर. पत्रकात एर्टिगासाठी १८० मिलिमीटर लिहिलेलं असतं. हा आकडा बहुतेक वेळा रिकाम्या गाडीचा, नव्या स्प्रिंगचा आणि सपाट फरशीवरचा असतो. आपली गाडी या तीनपैकी एकाही स्थितीत क्वचितच असते.

आता ओझ्याचा हिशोब मांडू. माणशी ६५ किलो धरले तर सात जणांचे ४५५ किलो होतात. दुसऱ्या आणि तिसऱ्या रांगेतली माणसं मागच्या चाकांजवळ बसतात, त्यामुळे यातले साधारण सव्वातीनशे किलो मागच्या ॲक्सलवर (चाकांच्या जोडीच्या आडव्या कण्यावर) पडतात आणि सव्वाशे पुढच्यावर. समजा, एका ॲक्सलच्या दोन्ही स्प्रिंग मिळून दर पाच किलोला एक मिलिमीटर दबतात. प्रत्येक गाडीचा हा आकडा वेगळा असतो, पण कारसारख्या मऊ स्प्रिंगसाठी तो फार चुकीचा ठरत नाही. म्हणजे मागचा भाग साडेसहा सेंटिमीटर खाली बसला, पुढचा अडीच, आणि पोटाचा मध्य साडेचार. १८० चे झाले १३५. सामान अजून चढलेलंच नाही. शेगावहून परतताना डिकीत दोन बॅगा आणि मामांनी प्रेमाने दिलेला तुरीच्या डाळीचा कट्टा असला, तर मागचा बंपर जवळजवळ जमिनीला टेकल्यासारखा दिसतो.

म्हणून "शेजाऱ्याची लहान गाडी जाते, माझी मोठी का लागते?" या प्रश्नाचं अर्धं उत्तर वजनात आहे. उरलेलं अर्धं गाडीच्या लांबीत आहे, आणि त्याचं गणित अशा गाड्यांच्या पत्रकात सहसा छापलेलं नसतं.

पुढच्या आणि मागच्या चाकांमधलं अंतर म्हणजे व्हीलबेस. एर्टिगाचा व्हीलबेस २७४० मिलिमीटर, अल्टो ८०० चा २३६०. कागदावरचा क्लिअरन्स एकीचा १८०, दुसरीचा १६०. उंचवटा चढून पलीकडे उतरताना पुढची चाकं उतरलेली असतात, मागची चढायची असतात आणि उंचवट्याचा माथा बरोबर पोटाखाली येतो. त्या क्षणी किती चढ झेपेल हे पाहायचं तर क्लिअरन्सला अर्ध्या व्हीलबेसने भागायचं. एर्टिगाचे १८० भागिले १३७०, म्हणजे दर मीटरला साधारण १३.१ सेंटिमीटर. अल्टोचे १६० भागिले ११८०, म्हणजे १३.५ च्या वर. दोन सेंटिमीटर ठेंगणी असूनही उंचवट्यांच्या रस्त्यावर छोटी गाडी किंचित पुढेच आहे. हे गणित पोटाचा सगळ्यात खालचा भाग बरोबर मध्यावर आहे असं धरून केलं आहे. प्रत्यक्षात थोडा फरक पडतो, पण दिशा हीच राहते.

याच गणिताने गतिरोधकाचाही उलगडा होतो. भारतीय रस्ते काँग्रेसच्या मार्गदर्शक सूचनांमध्ये गोलाकार गतिरोधक ३.७ मीटर रुंद आणि १० सेंटिमीटर उंच असावा असं दिलं आहे. त्याची गोलाई १७ मीटर त्रिज्येची असते आणि तो ताशी २५ किलोमीटर वेगाने ओलांडता यावा अशी अपेक्षा असते. एर्टिगाएवढ्या लांब गाडीची चारही चाकं त्या गोलाईवर असताना मधला फुगवटा पोटाकडे फक्त साडेपाच सेंटिमीटर वर येतो. गच्च भरलेली, दबलेली गाडीसुद्धा तो अलगद ओलांडते. खाली लागते ती गावच्या वेशीवर कोणीतरी रातोरात टाकलेल्या सिमेंटच्या बंधाऱ्यावर. तो जेमतेम दोन फूट रुंद असतो, पण उंची वीतभर. एवढा अरुंद असला की तो पूर्णच्या पूर्ण दोन चाकांच्या मध्ये मावतो, आणि त्याची सगळी उंची पोटाला भिडते. अशा ठिकाणी दोष गाडीचा नाही. ग्रामपंचायतीला ३.७ मीटरचा आकडा दाखवून तो ब्रेकर सुधारून घेणं हे गाडी उचलण्यापेक्षा स्वस्त पडतं आणि गरोदर बाईला दवाखान्यात नेणाऱ्या रिक्षालाही त्याचा उपयोग होतो.

गाडी उचलायचा विषय काढला की माझ्या ओळखीचे एक मिस्त्री पहिल्यांदा एवढंच विचारतात, "उचलून देतो ना भाऊ, पण लागते कुठी ते तर सांगा!" बहुतेकांना ते सांगता येत नाही. खरं तर सगळा इलाज या एका प्रश्नावर ठरतो.

गाडी रॅम्पवर किंवा सर्व्हिसिंगच्या खड्ड्यावर न्या आणि टॉर्च घेऊन खालून बघा. नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली मात्र कधीही शिरू नका. घासलेली जागा लपत नाही. लोखंड चकचकीत झालेलं असतं, नाहीतर ताजा गंज धरलेला असतो. पुढच्या बंपरचा खालचा ओठ खरचटला असेल, तर गाडी चढाला तोंडावर भिडते. मधल्या सायलेन्सर पाइपाच्या जोडावर खुणा असतील, तर उंचवट्याचा माथा लागतो. मागच्या बंपरखाली आणि शेवटच्या सायलेन्सरच्या डब्यावर खुणा असतील, तर मागचा भाग बसतो आहे. इंजिनच्या ऑइल चेंबरवर किंवा त्याच्या आसपास ओरखडा दिसला तर मात्र बाकी सगळं बाजूला ठेवून आधी तिथला बंदोबस्त करा. चेंबर फुटलं की तेल वाहून जातं, आणि ऑइलचा दिवा पेटूनही गाडी चालवत राहिलात तर इंजिन बसतं. खूण जुनी की नवी हे कळत नसेल, तर खडूची पूड पाण्यात कालवून खाली सगळीकडे ब्रशने फिरवा, कोरड्या दिवसात नेहमीच्या रस्त्याने घरच्यांसह एक फेरी मारा आणि पुन्हा बघा. जिथली खडूपूड गेली, तिथे लागतं.

दुसरं माप टेपने घ्यायचं. सकाळी टायर थंड असताना हवा कंपनीने सांगितलेल्या आकड्यावर आणा. सिमेंटच्या सपाट जागेवर गाडी उभी करा. चाकाच्या मधल्या टोपीच्या केंद्रापासून वर मडगार्डच्या कमानीच्या कडेपर्यंतचं अंतर चारही चाकांचं मोजून लिहून ठेवा. जमिनीपासून मोजू नका, कारण त्यात टायरची झीज आणि हवा मिसळते. केंद्रापासून कमानीपर्यंतचं माप फक्त स्प्रिंगची हकीकत सांगतं. आता सगळ्यांना गाडीत बसवा, नेहमीचं सामान टाका आणि तीच चार मापं पुन्हा घ्या. गाडी किती बसते हे आता तुमच्या हातात आहे. शक्य झालं तर त्याच मॉडेलच्या एखाद्या नव्या गाडीचं रिकामं असतानाचं मापही घेऊन ठेवा. तुमची गाडी रिकामी असतानाच नवीपेक्षा दीड-दोन सेंटिमीटर खाली असेल किंवा एक बाजू दुसरीपेक्षा खाली असेल, तर स्प्रिंग थकल्या आहेत. अशा वेळी बाहेरचा कुठलाही जुगाड करण्याआधी कंपनीच्या त्याच नंबरच्या नव्या स्प्रिंग बसवा, शॉकअपमधून तेल गळत असेल तर तेही बदला. हरवलेली उंची परत येते, आणि गाडीच्या मूळ रचनेला धक्का लागत नाही. इतका बिनधोक उपाय दुसरा नाही, तरी लोक तिकडे सगळ्यात शेवटी वळतात, याचं मला वाईट वाटतं.

ओझं कुठे ठेवता यानेही बराच फरक पडतो. मागच्या ॲक्सलच्या अर्धा मीटर मागे, डिकीच्या टोकाला १०० किलो ठेवले तर तरफेच्या न्यायाने मागच्या ॲक्सलवर ११८ किलो येतात आणि पुढचा १८ किलोंनी हलका होतो. तेच १०० किलो दुसऱ्या रांगेच्या पायाशी, दोन्ही ॲक्सलच्या मधोमध ठेवले तर ते निम्मे-निम्मे वाटले जातात. म्हणून गव्हाचा कट्टा पायाशी ठेवा आणि कपड्यांची बॅग डिकीत. सीएनजी गाडीत ६० लिटरची टाकी आणि तिचा जामानिमा ऐंशी-नव्वद किलोंच्या आसपास जातो आणि कायम मागेच बसलेला असतो. बाहेरून किट टाकलेल्या गाडीला मागच्या स्प्रिंग सहसा पेट्रोलच्याच राहतात. अशी गाडी मागून बसलेली दिसली तर नवल नाही.

एवढं करूनही लागतंच असेल, तर मग उंची वाढवण्याचा विचार करावा.

टायरने उंची वाढते, पण लोकांना वाटते त्याच्या निम्मीच. १८५/६५ आर १५ हे माप घ्या. १८५ मिलिमीटर रुंदी, तिच्या ६५ टक्के म्हणजे १२० मिलिमीटर भिंत, आणि १५ इंची रिम. एकूण व्यास ६२१ मिलिमीटरच्या थोडा वर. त्याऐवजी १९५/६५ आर १५ घातला तर व्यास ६३४ होतो. व्यास १३ मिलिमीटरने वाढला, पण गाडी त्याच्या अर्धीच, साडेसहा मिलिमीटर वर आली. स्पीडोमीटर ८० दाखवेल तेव्हा गाडी साधारण पावणेब्याऐंशीने धावेल. याच्यापुढे १९५/७० पर्यंत गेलात तर वाढ १६ मिलिमीटर मिळते, पण व्यास पाच टक्क्यांनी वाढतो. स्टेअरिंग पूर्ण वळवलं आणि गाडी भरलेली असली की टायर आतल्या प्लॅस्टिकला घासू लागतो, पिकअप मंदावतो आणि क्लचवर ताण येतो. कंपनीने तुमच्या मॉडेलच्या दुसऱ्या व्हेरियंटला जे मोठं माप दिलं असेल, तिथेच थांबावं. मोठी अलॉय घालून गाडी उंच होते हा मात्र निव्वळ गैरसमज आहे. १९५/५५ आर १६ चा व्यास जुन्या १८५/६५ आर १५ एवढाच भरतो. फक्त रबराची भिंत बारीक होते आणि मुरमातल्या पहिल्याच टोकदार दगडावर टायर किंवा रिम जातो.

रबरी बफर हा सगळ्यात जास्त खपणारा माल. स्प्रिंगच्या दोन वेटोळ्यांमध्ये तो दाबून बसवतात. गाडीचं मागून बसणं तो कमी करतो, हे खरं. पण ज्या वेटोळ्यात तो बसतो ते काम करणं जवळजवळ बंद करतं आणि त्याच्या वाट्याचा ताण शेजारच्या वेटोळ्यांवर पडतो. रिकाम्या गाडीत मागे बसलेल्या आजीची कंबर दुखायला लागते. मागे कायम भार असेल तर मागच्याच दोन स्प्रिंगना तो चालेल. पुढच्या स्प्रिंगना बफर घालू नये असं माझं स्पष्ट मत आहे. पुढच्या स्प्रिंगशी स्टेअरिंग आणि ब्रेक दोन्ही बांधलेले असतात.

स्पेसर म्हणजे ॲल्युमिनियमची किंवा कडक प्लॅस्टिकची चकती. ती पुढच्या स्ट्रटच्या (स्प्रिंग आणि शॉकअपच्या एकत्र जोडीच्या) माथ्यावर किंवा मागच्या स्प्रिंगखाली बसवतात. २० मिलिमीटरच्या चकतीने पुढून गाडी साधारण तेवढीच उठते. मागे स्प्रिंग चाकाच्या थोडी पुढे बसलेली असेल, तर उचल चकतीपेक्षा जराशी जास्त मिळते. कानाला हे सोपं वाटतं. पण चकती बसल्यावर खाली काय काय बदलतं ते एकदा सावकाश बघितलं पाहिजे.

इंजिनकडून चाकाकडे जाणारा ड्राइव्ह शाफ्ट तिरपा होतो. आखूड बाजूचा शाफ्ट ४० सेंटिमीटरचा धरला तर २० मिलिमीटरच्या उचलीने त्याचा कोन सुमारे ३ अंशांनी वाढतो, ४० मिलिमीटरला जवळपास ६ अंशांनी. त्याच्या टोकाचा सीव्ही जॉइंट, म्हणजे शाफ्ट तिरपा असतानाही चाक फिरवणारा सांधा, कायम वाकलेल्या अवस्थेत फिरू लागतो. त्यावरचं रबरी आवरण, म्हणजे बूट, घड्यांवर चिरतो, ग्रीस बाहेर उडतं, आपली बारीक काळी माती आत जाते आणि काही महिन्यांत वळणावर कट-कट आवाज सुरू होतो. त्याचबरोबर चाकांचा कोन बिघडतो. अलाइनमेंट करून घेतली नाही, तर नवे टायर एका कडेने करवतासारखे झिजतात.

सगळ्यात कमी बोलली जाणारी गोष्ट म्हणजे चाकाची खालची हालचाल. खड्डा आला की चाकाला खाली जाऊन खड्ड्याचा तळ गाठावा लागतो. त्यासाठी शॉकअपमध्ये काही सेंटिमीटर जागा राखलेली असते. स्प्रिंगखाली चकती टाकून गाडी वर ढकलली की शॉकअप आधीच ताणलेला राहतो. समजा खाली जायला ८ सेंटिमीटर होते आणि तुम्ही गाडी ३ सेंटिमीटर उचलली, तर उरले ५. खड्ड्यात चाक लवकर लोंबकळतं, शॉकअप टोकाला जाऊन खाडकन वाजतो आणि तेवढा वेळ त्या चाकाची जमिनीवरची पकड सुटते. म्हणजे उंच केलेली गाडी दगडावरून सुटली, पण खड्ड्यात आधीपेक्षा वाईट चालू लागली. फार उचललेल्या गाडीत तर रॅम्पवर चाकं मोकळी सोडली की मागची स्प्रिंग जागेवर सैल खुळखुळते. असं दिसलं की ती चकती काढून टाका.

मागचा भार हेच मुख्य कारण असेल, तर माझी पसंती त्याच उंचीच्या पण थोड्या कडक तारेच्या मागच्या स्प्रिंगना आहे. रिकामी गाडी फारशी वर येत नाही, भरलेली कमी बसते. आपल्याला नेमकं हेच हवं असतं. बोलेरोसारख्या पाट्यांच्या स्प्रिंगच्या गाडीत याच कामासाठी एक पाटा वाढवतात किंवा जुन्या पाट्यांना पुन्हा कमान देतात. तिथे एक धोका लक्षात ठेवा. एबीएस (ब्रेक मारल्यावर चाक जाम होऊ न देणारी यंत्रणा) नसलेल्या काही जुन्या गाड्यांच्या मागच्या ब्रेकला भार ओळखणारा व्हॉल्व्ह असतो. मागचा भाग किती दबला यावरून तो मागच्या चाकांना किती ब्रेक द्यायचा हे ठरवतो. पाटा वाढवून गाडी वर आली की व्हॉल्व्हला गाडी रिकामीच वाटते आणि तो मागचा ब्रेक कमी करतो. गाडी भरलेली, उतार चिखलदऱ्याचा आणि मागचा ब्रेक अर्धा, ही वेळ कुणावर येऊ नये. पाट्याचं काम करून घेताना त्या व्हॉल्व्हचा दांडा नव्या उंचीला जुळवून घ्यायला मिस्त्रींना आवर्जून सांगा.

आता महामार्गाची बाजू. गाडी वर गेली की तिचा गुरुत्वमध्यही वर जातो. तो जमिनीपासून ६० सेंटिमीटरवर होता असं धरलं आणि गाडी ३ सेंटिमीटर उचलली, तर कलंडण्याला असलेला तिचा विरोध जवळपास पाच टक्क्यांनी घटतो. पांदणीवर ताशी १५ च्या वेगाला हे जाणवतही नाही. समृद्धीवर १२० ला, कडेने वारा सुटलेला असताना, टपावर कॅरिअर आणि त्यावर बॅगा असताना, समोर अचानक नीलगाय आली आणि स्टेअरिंग झटकन फिरवावं लागलं की हे पाच टक्के महत्त्वाचे ठरतात. म्हणूनच घरगुती गाडीसाठी एकूण १५ ते २० मिलिमीटरची उचल ही मी मर्यादा मानतो.

कायद्याचंही भान ठेवा. मोटार वाहन कायद्याच्या कलम ५२ नुसार नोंदणी प्रमाणपत्रातला तपशील कंपनीच्या मूळ तपशिलाशी जुळणार नाही असा बदल मालकाने करायचा नाही, आणि सर्वोच्च न्यायालयाने ९ जानेवारी २०१९ च्या निकालात यावर कडक भूमिका घेतली. कंपनीच्या मापाचे टायर आणि कंपनीच्याच स्प्रिंग यांत अडचण नाही. त्यापलीकडे काही करायचं असेल तर आधी आरटीओ आणि विमा कंपनी या दोघांना विचारून घ्या. अपघातानंतर विम्याचा सर्व्हेअर गाडीखाली वाकून बघतोच.

इंजिनखाली लोखंडी प्लेट बसवणं हा उंची न वाढवता चेंबर वाचवणारा उपाय आहे, आणि मुरूम-गोट्याच्या रस्त्याला तो मला मनापासून पटतो. प्लेट पाच-दहा मिलिमीटर क्लिअरन्स खाते, तेवढं सोसावं. तिला ऑइल बदलायचं झाकण आणि हवा जायला खिडक्या ठेवलेल्या असाव्यात, आणि ती चेसीच्या आडव्या दांड्यांना बोल्टने बसवलेली असावी. चेंबरला टेकलेली प्लेट नको, नाहीतर प्लेटवरचा ठोसा सरळ चेंबरलाच बसतो. पऱ्हाटी (कपाशीची झाडं) काढलेल्या शेतातून गाडी नेत असाल तर प्लेटच्या मागच्या फटीत अडकलेला वाळका कचरा दर वेळी काढा. उन्हाळ्यात तापलेल्या सायलेन्सरजवळ वाळलं गवत अडकून राहिलं तर पेट घेऊ शकतं.

उंचीने सुटत नाहीत असेही रस्ते आपल्याकडे आहेत. ट्रॅक्टरने पाडलेल्या चाकोऱ्यांमध्ये मधला वरंबा सलग चालू राहतो, त्यामुळे तिथे व्हीलबेसचं गणित लागू पडत नाही, नुसती उंचीच लागते. अशा पांदणीत चाकोरीत न उतरता डावी चाकं धुऱ्याच्या कडेला आणि उजवी मधल्या वरंब्यावर ठेवून, शेजारी बसलेल्याला खाली उतरवून, त्याने दाखवलेल्या वाटेने सावकाश जावं. डांबराची कड हा दुसरा प्रकार. गावरस्त्याचं डांबर सहसा पावणेचार मीटर रुंद असतं. समोरून एसटी आली की डावी चाकं खाली घ्यावी लागतात. काळी माती पाणी पिऊन फुगते आणि उन्हात आक्रसते, त्यामुळे साइडपट्टी खचते आणि कड वीतभर उघडी पडते. तिथे वेगात उतरलात तर दाराखालची कड घासते. थांबून, तिरपं उतरावं.

पावसातल्या काळ्या मातीत क्लिअरन्सचा काहीच उपयोग नाही. चाकच दहा सेंटिमीटर खाली रुतलं तर उचललेले दोन सेंटिमीटर कुठे पुरणार? टायरच्या खाचा चिखलाने भरून गुळगुळीत होतात आणि पकड संपते. गाडी डांबरावर ठेवून पायी जाणं किंवा ट्रॅक्टरने जाणं हाच मार्ग उरतो. रपट्यावरून पाणी वाहत असेल तर उंच केलेल्या गाडीचाही भरवसा धरू नका. पाणी तळाला लागलं की पुढच्या प्रत्येक दहा सेंटिमीटरला ते गाडीला पाचशे किलोच्या आसपास वर उचलतं. दीड टनाच्या गाडीची चाकं हलकी व्हायला मग फार पाणी लागत नाही, आणि बाकीचं काम प्रवाह करतो. पाणी ओसरेपर्यंत अलीकडेच थांबायचं, घरच्यांनी कितीही घाई केली तरी.

काम करून घेतलंच, तर गॅरेजमधून निघण्याआधी अलाइनमेंट करून घ्या. चारही चाकं लोंबकळलेली असताना ब्रेकचे रबरी पाइप ताणले जात नाहीत ना ते खालून बघा, आणि दोन्हीकडे स्टेअरिंग पूर्ण वळवून टायर कुठे घासत नाही ना ते पाहा. हेडलाइटची उंची सपाट भिंतीसमोर, गाडीत नेहमीची माणसं बसवून जुळवा, नाहीतर समोरून येणाऱ्या मोटारसायकलवाल्याच्या डोळ्यांवर झोत पडतो. पाचशे किलोमीटरनंतर स्ट्रटचे आणि प्लेटचे बोल्ट पुन्हा आवळून घ्या, आणि चाकाच्या केंद्रापासून कमानीपर्यंतची चार मापं त्याच वहीत पुन्हा लिहून ठेवा.